गवतावरची टोपी

डुलूथ, ६ सप्टेंबर १९३१

टॅमरॅक कॉलेजच्या १९०४ च्या फुटबॉल संघातल्या, अजून हयात असलेल्या माझ्या गड्यांनो,

थंडी पडली की ज्याच्या मनगटात कळ येते, ज्याचा कान वाळक्या अळंबीसारखा चुरगळून बसला आहे, ज्याचा खांदा नातवंडाला उचलायलाही वर जात नाही, त्या प्रत्येकाला हे पत्र आहे. कॉलेजला आपली आठवण माजी विद्यार्थ्यांच्या मेळाव्याची तिकिटं खपवायची असली की येते. बाकी वर्षभर आठवण काढतात ते आपले गुडघे. आपण त्या मैदानात हाडं पेरली आणि पीक दुसऱ्यांनी कापून नेलं. ही तक्रार माझ्या एकट्याची नाही, म्हणून चारचौघांत मांडतो आहे.

परवा पेपरात वाचलं की टॅमरॅकमध्ये काँक्रीटचं नवं स्टेडियम उभं राहिलं आहे. १४ नोव्हेंबरला, मेळाव्याच्या शनिवारी, त्याच्या फाटकावर इलायस वेंड्ट हे नाव झळकणार. आपला कोच. आपण ज्याला 'म्हातारा' म्हणायचो आणि जो तेव्हा जेमतेम बत्तीस वर्षांचा होता, तो. एप्रिलमध्ये तो वारला. मेलेला माणूस संस्थांना सोयीचा असतो. तो मध्येच उठून बोलत नाही.

सकाळी लॅटिन शिकवणारा आणि दुपारी आपल्याला चिखलात लोळवणारा हा माणूस हुशार होता, हे मी नाकारत नाही. तेव्हाच्या फुटबॉलमध्ये चेंडू हातानं पुढे फेकायला बंदी होती. तो छातीशी कवटाळून समोरच्या माणसांच्या भिंतीतून न्यायचा, एवढाच खेळ. म्हाताऱ्याला सुचलं की भिंत फोडण्यापेक्षा तिच्यावरून माणूस फेकावा. ॲंटन कुबिश आपल्यात सगळ्यात हलका. बोहेमियातून आलेल्या शेतकऱ्याचं पोर, सायीसारखं गोरं, हसरं. म्हाताऱ्यानं घोड्यांचे साज शिवणाऱ्याकडून त्याच्या विजारीला कमरेशी दोन्ही बाजूंना चामड्याच्या मुठी शिवून घेतल्या, ट्रंकेला असतात तशा. एक मूठ मी धरायचो, दुसरी आपला कॅप्टन मेरिट बॉइल. आणि जवाचं पोतं गाडीत टाकावं तसा ॲंटन पलीकडे. त्या हंगामात आपल्याला कुणी हरवलं नाही.

नोव्हेंबरातल्या थॅंक्सगिव्हिंग सणाचा सामना तुम्ही विसरला असाल तर सांगतो. फर्थ कॉलेज समोर. पहिल्या डावात ॲंटनचं डोकं कुणाच्या तरी गुडघ्यावर आपटलं. तो उठला, आणि त्यानंतर आईच्या भाषेखेरीज दुसरी भाषा बोलेना. आपण हसलो. आपल्याला वाटलं, गंमत करतोय. एकदा बाहेर गेलेला गडी परत आत येत नाही असा तेव्हाचा नियम, म्हणून त्याला बाहेर काढला नाही. आपण त्याला पुन्हा फेकला. अंधारून येण्याआधी व्यायामशाळेतल्या गादीवर तो गेला.

आणि म्हातारा? तो बाकावर बसून होता. उठलाही नाही. दुसऱ्या आठवड्यात मी कॉलेज सोडलं आणि त्या माणसाशी जन्मात बोललो नाही.

माझं मागणं साधं आहे. फाटकावर कोचचं नाव यायचं असेल तर शेजारी ॲंटन कुबिशचं आलं पाहिजे. त्याची आई अजून स्प्रूस ओढ्याकाठच्या शेतावर आहे. तिला इंग्रजी वाचता येत नाही, पण पोराचं नाव ओळखता येईल. माजी विद्यार्थी मंडळाचा चिटणीस आता मेरिटच आहे. त्याला लिहा. आज लिहा.

लिआंडर क्विस्ट

---

टॅमरॅक, १४ सप्टेंबर १९३१

प्रिय पाद्री,

बघ, सत्तावीस वर्षांनीसुद्धा तुला हीच हाक मारावीशी वाटते. खाणकामगारांच्या सभा गाजवतोस असं ऐकतो, पण मला आठवतो तो कपडे बदलायच्या खोलीत एका पायात मोजा घालून प्रवचन देणारा क्विस्ट. तुझं पत्रक पोचलं. बाकीच्यांनाही पोचलं असावं, कारण कुणी त्याबद्दल अवाक्षर काढत नाही. आपल्या संघातला स्विफ्ट तेवढा भेटला. म्हणाला, लिआंडरला सांग, माझा कान मला आवडतो.

आता कामाचं. तू म्हाताऱ्यावर अन्याय करतोस. सामना चालू असताना कोचनं बाहेरून एक शब्द जरी काढला तरी संघाला दंड व्हायचा, हे तुला माझ्याइतकंच ठाऊक आहे. आत काय करायचं ते कॅप्टननं ठरवायचं. तो बसून राहिला कारण नियम तसा होता. फाटकावरचा मजकूर मी स्वतः लिहिला आहे, तुला आवडेल: 'मैदानाबाहेरून त्यांनी कधी एक शब्द उच्चारला नाही. नियम हाच त्यांचा धर्म होता.'

तो दिवस मला काल पाहिल्यासारखा आठवतो. गोठवणारी थंडी, पण पान हलत नव्हतं. बॉयलरघराचा धूर चर्चच्या मनोऱ्यासारखा सरळ वर चढत होता आणि टेकडीवरून लोक घोंगड्या पांघरून बघत होते. तसा फुटबॉल आता होत नाही, लिआंडर. आता शिरस्त्राणं घालतात आणि चेंडू हवेतून फेकतात, आयाबायांसारखे.

कुबिशबद्दल मलाही वाईट वाटतं. मागणी विश्वस्तांपुढे ठेवतो. पण एक लक्षात घे, म्हाताऱ्यानं स्वतः नंतर कधी त्याचं नाव काढलं नाही. मग आपण का उकरावं?

मेळाव्याला ये. मध्यंतरात १९०४ च्या गड्यांना मैदानाच्या मधोमध उभं करणार आहोत. गुडघा नेत नसेल तर खुर्ची ठेवतो.

तुझा, मेरिट

---

डुलूथ, २० सप्टेंबर १९३१

मेरिट,

खुर्ची नको. नाव पाहिजे.

नियम, नियम. मी आयुष्यभर अशा माणसांशी भांडलो आहे जे खाण कोसळल्यावर नियमावली काढून दाखवतात. तुझा मजकूर दोनदा वाचला. समोर पोर मरतंय आणि एक माणूस तोंडातून शब्द काढत नाही, ही तुम्ही दगडावर कोरण्याची गोष्ट समजता? मी हीच गोष्ट कित्येक व्यासपीठांवरून सांगितली आहे. म्हणतो, लोकहो, मी एक कोच पाहिला आहे. तो वाईट नव्हता. तो फक्त बसून होता. आणि सभागृहातली माणसं माना खाली घालतात, कारण असा एक बसून राहिलेला माणूस प्रत्येकानं पाहिलेला असतो.

विश्वस्तांचं उत्तर कधी येतं ते कळव. ॲंटनच्या आईचं वय झालं आहे.

लिआंडर

---

ॲशलंड, ४ ऑक्टोबर १९३१

श्री. क्विस्ट यांस,

आपण मला ओळखणार नाही. मी हेडविग वेंड्ट, कोच वेंड्ट यांची मुलगी. तुम्ही टॅमरॅकला होता तेव्हा मी चार वर्षांची होते. तुम्ही मला खांद्यावर बसवून तळ्याच्या बर्फावरून नेत असा, असं बाबा सांगायचे. मी आता इथे शाळेत शिकवते. तुमचं पत्रक एका ओळखीच्या माणसानं मला आणून दिलं. रागानं लिहायला बसले होते, पण ते पत्र फाडलं. हे दुसरं.

तुम्ही कॉलेज सोडलंत म्हणून पुढचं तुम्हाला ठाऊक नसावं. ॲंटनच्या दफनाहून आल्यावर बाबांनी खोगीरवाल्याची सुरी मागून आणली आणि सगळ्या विजारींच्या मुठी स्वतः कापल्या. आईनं त्या चुलीत टाकल्या. चामड्याचा वास घरात कितीतरी दिवस होता, तो मला आठवतो. पुढच्या हंगामापासून माणूस फेकायचा नाही असं त्यांनी मुलांना बजावलं. मग संघ हरू लागला. हरतच राहिला. दोन हंगामांनी कॉलेजनं त्यांना निरोप दिला. ज्या वर्षासाठी आता त्यांचं नाव फाटकावर लावताहेत, त्याच वर्षाचा विषय आमच्या घरात काढायला बंदी होती.

उरलेलं आयुष्य त्यांनी इथल्या शाळेत लाकूडतोड्यांच्या मुलांना लॅटिन शिकवलं. पण दर वर्षी पानगळीत ते गाडीनं टॅमरॅकला जात. मैदानाला ॲंटनचं नाव द्या, एवढं विश्वस्तांना सांगायला. श्री. बॉइल त्यांना दारातच भेटत. फार प्रेमानं वागवत, कॉफी पाजत, आणि परतीच्या गाडीत बसवून देत. बाबा घरी आले की म्हणायचे, 'मेरिटनं पुन्हा कॉफी पाजली.' मग आम्हाला कळायचं.

तुमची भाषणं पेपरात आली की ते मला वाचायला लावायचे. एकदा म्हणाले, 'क्विस्ट चांगला बोलतो. माझ्याशी मात्र बोलला नाही.'

आता ज्यासाठी लिहिते आहे ते. त्या सामन्यानंतर बाबांनी कधी टोपी घातली नाही. इथल्या हिवाळ्यात उघड्या डोक्यानं हिंडत. कानाच्या पाळ्या गोठून काळ्या पडल्या तरी ऐकेनात. ती जुनी टोपी दाराशी खिळ्याला टांगलेली असे. शेवटच्या दुखण्यात तापात बडबडायचे, ते एकच. 'मी टोपी गवतावर ठेवली होती. त्यानं पाहिली. माझ्या नजरेला नजर देऊन पाहिली. विशीतलं पोर होतं, काय करणार.' 'त्यानं' म्हणजे कुणी ते मी विचारलं, तर मान फिरवली.

टोपी गवतावर ठेवण्याचा अर्थ मला कळलेला नाही. तुम्हाला कळेल असं वाटलं.

आपली नम्र,
हेडविग वेंड्ट

---

डुलूथ, ९ ऑक्टोबर १९३१

मेरिट,

म्हाताऱ्याच्या मुलीचं पत्र आलं. शेवटच्या तापात तो गवतावर ठेवलेल्या टोपीबद्दलच बडबडत होता. ते वाचून दोन दिवस मी त्या सामन्यात कोण कुठे उभा होता ते कागदावर काढत बसलो. माझ्या बायकोनं डॉक्टरला बोलवायची तयारी केली होती.

टोपीच्या खुणा तुला आठवतात. आठवत नाहीत असं म्हणू नकोस, कारण धान्याच्या कोठारात बसून त्या आपल्याला पाठ करायला लावणारा तूच होतास. बाहेरून बोलायला बंदी, म्हणून म्हाताऱ्यानं टोपीला बोलायला शिकवलं होतं. टोपी मागे सारली की बाजूनं पळायचं. पुढे ओढली की लाथ मारून चेंडू लांब धाडायचा. आणि टोपी काढून गवतावर ठेवली, की जखमी गड्याला ताबडतोब बाहेर काढायचं, मग सामना गेला तरी चालेल. ती खूण त्यानं पूर्ण हंगामात एकदाही केली नाही, म्हणून आपण तिची थट्टा करायचो. म्हणायचो, म्हातारा डोक्याला थंडी लागू देणार नाही.

त्या दिवशी त्यानं केली.

मला दिसली नाही. आम्ही सगळे रांगेत वाकलेले, नाकं चिखलात. उभा असायचास तू एकटा, खेळीचे आकडे पुकारायला. तुझं तोंड बाकाकडे होतं.

मेरिट, मी सत्तावीस वर्षं एका माणसाला गावोगाव फाशी देत हिंडलो. तो मुकाट बसला असं ओरडून सांगितलं. तो मुकाट नव्हता. त्याला परवानगी होती त्यापेक्षा मोठ्यानं तो बोलला होता, खेळाचा नियम मोडून. आणि नंतर गप्प राहिला तो दुसऱ्या कुणाचं तरी आयुष्य वाचवायला. तू तर लिहितोस की त्यानं कुबिशचं नाव कधी काढलं नाही. मग दर पानगळीत तू त्याला कॉफी कशाबद्दल पाजत होतास?

तुला टोपी दिसली का? हो किंवा नाही. एवढंच लिही.

लिआंडर

---

टॅमरॅक, ३० ऑक्टोबर १९३१

प्रिय लिआंडर,

उत्तराला उशीर झाला, राग मानू नकोस. बॅंडवाल्यांच्या टोप्या चुकीच्या रंगाच्या आल्या आणि फाटकाच्या बिजागऱ्यांना तेल घालायला माणूस मिळेना. मेळावा म्हणजे घरच्या लग्नापेक्षा जास्त ताप.

वाईट बातमी आधी. मिसेस कुबिश गेल्या. मागच्या रविवारी त्यांना पुरलं. मंडळातर्फे फुलं नेऊन दिली, मी स्वतः गेलो होतो. ॲंटनच्या शेजारीच जागा ठेवली होती.

विश्वस्तांची बैठक त्यानंतर झाली. सगळ्यांना फार वाईट वाटलं. पण त्यांचं म्हणणं असं की आता ज्यांच्यासाठी करायचं त्याच राहिल्या नाहीत, तेव्हा त्या विषयाची निकड उरलेली नाही. शिवाय माझा मजकूर थोडा लांबला, त्यामुळे दगडावर जागाही नाही. मी प्रयत्न केला, हे तू मान.

गडी फारसे येत नाहीत. स्विफ्टची बायको आजारी आहे. बाकीच्यांनी काही ना काही कारण कळवलं, दोघा-तिघांनी तेही नाही. तू आलास तर मध्यंतराला आपण दोघं उभे राहू, नाहीतर मी एकटा.

टोपीचं म्हणशील तर मला काही आठवत नाही. त्या दिवशी वारा केवढा होता. उडून पडली असेल. म्हातारा माणूस आजारपणात काय काय बोलतो, त्याला किती महत्त्व द्यायचं?

आणि समजा दिसली असती, तरी काय? त्यांच्या गोलरेषेला तीन पावलं उरली होती, लिआंडर. अख्खं गाव टेकडीवर उभं होतं. त्याला काढला असता तर फेकायला दुसरा हलका गडी नव्हता. तो पायावर उभा होता, हसत होता, हातानं कमरेची मूठ दाखवत होता. विशीत आपल्याला काय कळत होतं? मला कॉलेजनं नोकरी दिली, घर दिलं, तो सामना माझ्या नावावर आहे म्हणून. तू बाहेर पडलास. तुला बरं होतं. मला रोज त्या मैदानावरून चालत यावं लागलं.

आता आपण पन्नाशीला टेकलो. मातीत गेलं ते मातीत राहू दे. ये तू. जेवायला घरी ये. माझी बायको एथेल तुझ्यासाठी भोपळ्याची पाई भाजणार आहे.

मेरिट

---

डुलूथ, ५ नोव्हेंबर १९३१

मेरिट,

मी येऊ शकत नाही. तो जुना गुडघा आता कमरेपर्यंत चढला आहे आणि डॉक्टरनं गाडीचा प्रवास बंद केला आहे. एथेलला सांग, भोपळ्याची पाई चुकली याचं खरंच वाईट वाटतं.

पहिल्या पत्रात तू लिहिलं होतंस की पान हलत नव्हतं, धूर सरळ वर जात होता. शेवटच्या पत्रात वारा सुटला. ही दोन पत्रं मी शेजारी शेजारी ठेवली आहेत. बाकी काही म्हणत नाही.

भिऊ नकोस. पेपरात देणार नाही. म्हाताऱ्यानं तुला मरेपर्यंत सांभाळलं. ते मोडायचा अधिकार मला नाही. आणि देऊन होणार काय? ज्या पानावर छापून येईल त्याच पानात दुसऱ्या दिवशी मासे बांधतील. मी आजवर लोकांना सांगत आलो की एकत्र आलो तर दगडही हलतो. या वेळी मी हाक दिली आणि एकही जण आला नाही. हरकत नाही, त्यांनी त्यांची हाडं आधीच दिली आहेत. फाटक उभं राहील. तुझा मजकूर त्यावर चमकेल, त्यातलं एकही वाक्य खरं नसेल, आणि पोरं त्याखालून हसत जातील. ॲंटनचं नाव वाचू शकणारी बाई त्याच्याच शेजारी झोपली आहे. म्हाताऱ्याशी बोलायला मला सत्तावीस वर्षं होती, त्यातलं एक मिनिट मी वापरलं नाही. यातलं काही आता परत येत नाही. हेडविगला मी लिहिलं, पण काय लिहिणार? तिनं उत्तर पाठवलं नाही, आणि बरोबर केलं.

ॲंटन शेवटी काय बोलत होता, मेरिट? तू त्याच्या सगळ्यात जवळ होतास. मला अजून ते आवाज ऐकू येतात, अर्थ नाही कळत. आपल्यातल्या कुणीही त्याची भाषा शिकायचं मनावर घेतलं नव्हतं. कदाचित तो म्हणत असेल, मला घरी न्या. कदाचित तो म्हाताऱ्याकडे बोट दाखवत असेल. तू लिहितोस की तो हातानं मूठ दाखवत होता. धरा म्हणून दाखवत होता की सोडा म्हणून, हे तुला कुणी सांगितलं?

आता ऐक. हे माझं शेवटचं प्रवचन, आणि श्रोता तू एकटा.

१४ तारखेला मध्यंतरात तुला मैदानाच्या मधोमध उभं करतील. बॅंड वाजेल, लोक उठून उभे राहतील. तू काही बोलायची गरज नाही. म्हाताराही बोलला नव्हता. त्या जुन्या बाकाच्या दिशेला तोंड कर. डोक्यावरची टोपी काढ आणि गवतावर ठेव. लोकांना वाटेल, कोचला मान दिला. वाटू दे. कुणालाही कळणार नाही. तुला कळेल.

आणि मग ती उचलू नकोस, मेरिट. तिथेच ठेवून, उघड्या डोक्यानं घरी जा.

लिआंडर